कोर्टाने न पाहिलेलं मशीन

निकाल आमच्या बाजूने लागणार, असं वकीलबाईंनी आदल्या दिवशी फोनवर सांगितलं होतं. तरीही धुळ्याच्या कोर्टाकडे निघताना मी कागदांची फाइल दोनदा तपासली होती. गाडीच्या डिक्कीत नानांनी तुरीचं अर्धं पोतं ठेवलं होतं आणि ते कशाला घेतलंय, हे विचारल्यावर त्यांनी खिडकीची काच खाली करून बाहेर बघायला सुरुवात केली. एरंडोल गेलं, पारोळा गेलं, तरी बाहेरच.

नाना म्हणजे माझे वडील. डाळमिलची मशीनं बनवण्यात त्यांचा जन्म गेला. जळगावात आमचं वर्कशॉप आहे. मशीन बनवायचं, मिलमध्ये नेऊन बसवायचं आणि चालवून द्यायचं, हे काम त्यांचं. फोन, पत्रं, करार आणि नानांनी ज्यांना दुखावलंय त्यांची समजूत काढणं, हे काम माझं. यातलं शेवटचं सगळ्यात जास्त वेळ खातं. माझं सासर जळगावातच असल्यामुळे लग्नानंतरही यातून सुटका झाली नाही.

ज्या मशीनवरून हे सगळं रामायण झालं, ते धुळ्यापुढे नरडाण्याच्या एमआयडीसीत आहे. त्या मिलचा मालक मूळचा धान्याचा व्यापारी. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांमध्ये बाजाराच्या दिवशी बसायचा आणि घराघरातून येणारी तूर विकत घ्यायचा. वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या मिलला तूर देऊन झाल्यावर त्याला वाटलं, आपलीच मिल का नसावी. घरात आधी कुणी कारखाना काढलेला नव्हता. तो नानांकडे आला, पाया पडला आणि म्हणाला, "नाना, मशीन तुम्हनंच जोयजे." तुमचंच हवं, दुसऱ्या कुणाचं नको. नाना खूश. त्यांना पाया पडणारी माणसं फार लवकर आवडतात.

मशीन साधं असतं. आत एक खरखरीत रोल फिरतो, त्याच्याभोवती जाळी असते आणि त्या दोघांच्या मधल्या फटीतून तूर घासत जाते. साल सुटतं, दाणा राहतो. सगळी करामत त्या फटीची. जास्त झाली तर साल सुटत नाही, कमी झाली तर दाणा भरडला जातो. नाना ती फट एका जुन्या पान्याने लावतात. मापाची पट्टी घेत नाहीत, बोटाने चाचपतात.

आणि त्यांची एक रीत आहे. मशीनमधून निघणारी पहिली तूर त्यांच्या स्वतःच्या शेतातली असते. एरंडोलजवळ आमचं थोडं रान आहे, तिथली बारीक, एकसारख्या दाण्याची तूर ते घरी तेल-पाणी लावून, ऊन दाखवून तयार करतात आणि मिलवाल्याकडे घेऊन जातात. लेकीला सासरी पाठवताना ओटी भरतात ना, तसं काहीतरी त्यांच्या मनात असावं. नरडाण्यालाही अखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या मुहूर्तावर तेच केलं. पिवळीधमक, अख्खी डाळ बाहेर पडली. मिलवाल्याच्या आईने ती देवासमोर ठेवली, आम्ही सांजोऱ्या खाऊन परतलो.

आठवडाभरात फोन आला, डाळ फुटतेय म्हणून. "नाना, दाय फुटी ऱ्हायनी."

नाना म्हणाले, तुझी तूर ओली असेल. तो म्हणाला, नाही. ते म्हणाले, आहे. मग तो चुरा झालेली डाळ पिशवीत घेऊन आमच्या घरी आला. मी चहा टाकला होता. नानांनी पिशवीत बघितलंही नाही, म्हणाले, "मी मशीनं करतोय तेव्हा तू जन्मलाही नव्हतास." तो उठला. कप तसाच भरलेला राहिला. त्यानंतर त्याने मशीन बंद केलं, आमचे उरलेले पैसे अडवले, आणि धुळ्यापासून दोंडाईचापर्यंतच्या मिलवाल्यांना सांगत सुटला की नानांचा हात गेलाय.

पैशाचं नानांनी एकदाही नाव काढलं नाही. हात गेलाय, हे मात्र त्यांना जिव्हारी लागलं. त्यांनी पाना वर्कशॉपच्या भिंतीवरच्या खिळ्याला अडकवला आणि जाहीर केलं की ते मशीन चांगलं आहे असं कुणीतरी शहाणा माणूस म्हणेपर्यंत मी नवीन मशीनला हात लावणार नाही. मला वाटलं, दोन दिवसांचा राग. पण दोन पावसाळे गेले, तरी पाना खिळ्यावरच. कामगार फाटकं आणि खिडक्यांच्या जाळ्या जोडत बसायचे, आणि नाना दारात खुर्ची टाकून रस्त्यावरच्या रिक्षा मोजल्यासारखे बघत बसायचे. मला त्या खुर्चीचा तिटकारा आला होता.

आमच्या प्रत्येक करारात नानांच्या सांगण्यावरून मी एक कलम घालते, की वाद झाला तर दोघांच्या संमतीचा पंच नेमायचा आणि तो सांगेल ते शेवटचं. नानांना कोर्टाची चीड. त्यामुळे पंच नेमला. धुळ्याचे एक निवृत्त इंजिनिअर, दोघांनाही चालणारे. त्यांनी दोघांचं ऐकलं, कागद पाहिले, एकदा मिलमध्ये जाऊन बंद मशीनभोवती फेरी मारली. मग निवाडा दिला. करारात लिहिलं होतं की चाचणीनंतर पंधरा दिवसांच्या आत लेखी तक्रार केली नाही, तर मशीन पसंत आहे असं धरलं जाईल. मिलवाल्याने फोन केला, घरी आला, पण लिहून दिलं ते फार उशिरा. तेव्हा मशीन त्याचं, आणि उरलेले पैसे त्याने द्यावेत.

मी पेढे आणले. नानांनी निवाडा पुन्हा पुन्हा वाचला आणि चष्मा काढून मला विचारलं, "यात मशीन चांगलं आहे असं कुठे लिहिलंय?"

तसं कुठेच लिहिलं नव्हतं. पेढे कामगारांनी खाल्ले.

मिलवाला हा निवाडा रद्द करून घ्यायला धुळ्याच्या कोर्टात गेला. मी धास्तावले, पण नानांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा थोडी रया आली. ते म्हणाले, "बरं झालं. आता न्यायाधीश तरी मशीन बघतील."

आमच्या वकीलबाई धुळ्याच्या. वयाने माझ्याएवढ्याच, बोलायला चाबूक. त्यांनी नानांना समोर बसवलं आणि समजावलं. "नाना, हे अपील नाही. कोर्ट फक्त एवढंच बघणार की पंचांनी दोघांचं ऐकलं का, कुणाकडून काही खाल्लं का, कराराबाहेरचं काही देऊन टाकलं का, किंवा कुणाही शहाण्या माणसाला पटणारच नाही असं काही केलं का. पुरावा पुन्हा तपासायचा नाही. पंचांच्या जागी आपण असतो तर वेगळा निर्णय दिला असता, असं न्यायाधीशांना वाटलं तरी ते निवाडा मोडू शकत नाहीत."

"म्हणजे पंच चुकला असला तरी चालतं?"

"साधी चूक असेल तर चालते. तुम्ही दोघांनी मिळून त्यांना निवडलंय."

"मग मशीन कोण बघणार?"

"कुणीच नाही," वकीलबाई म्हणाल्या. "आणि आपल्याला तेच हवंय."

नाना माझ्याकडे वळले आणि म्हणाले, "तुला हवंय का हे?" मी हो म्हटलं. मला जिंकायचं होतं. त्या माणसाने गावोगाव माझ्या बापाची बदनामी केली होती, त्याला हरताना बघायचं होतं. मशीन कुणी बघो न बघो, मला त्याचं काही नव्हतं.

तर त्या दिवशी कोर्टात. मिलवाला पुढच्या बाकाच्या टोकाला एकटाच बसला होता, इस्त्रीचा शर्ट आणि पायात धुळीने माखलेली चप्पल. त्याचे वकील आधी बोलले. तोंडी तक्रार वेळेत झाली होती, पंचांनी ती विचारात घेतली नाही, मशीन एकदाही चालवून पाहिलं नाही. मला मनातून वाटलं, बोलतोय ते खरंच आहे, आणि मी घाबरले.

मग आमच्या वकीलबाई उठल्या. त्या फार शांत बोलतात आणि म्हणूनच जास्त लागतं. "साहेब, क्षणभर गृहीत धरू की मशीनमध्ये दोष होता. हेही गृहीत धरू की पंचांनी तोंडी तक्रारीला द्यायला हवं होतं तेवढं महत्त्व दिलं नाही. तरीसुद्धा कराराचा अर्थ लावणं हे पंचांचं काम आहे, आणि त्यांनी लावलेला अर्थ अशक्य नाही. तेवढ्यावर..."

"गृहीत कशाला धरता?"

नाना उभे राहिले होते. मी त्यांचा हात धरला, त्यांनी तो झटकला. "साहेब, मशीन इथून तासाभराच्या आत आहे. माझ्या गाडीत तूर आहे. चला, चालवून दाखवतो."

मागे कुणीतरी हसलं. वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले. आणि समोरचे वकील विजेसारखे उठले. "साहेब, मशीन तपासावं असं खुद्द सामनेवालेच म्हणत आहेत. आमची काहीही हरकत नाही!"

इतक्या दिवसांची लढाई या म्हाताऱ्याने एका वाक्यात घालवली, असं वाटून मला त्यांचा इतका राग आला की डोळ्यांत पाणी आलं. न्यायाधीशांनी पेन खाली ठेवलं. मग समजुतीच्या आवाजात म्हणाले, "बाबा, खाली बसा. तुम्ही दोघं हो म्हणालात तरी मी मशीन बघायला येऊ शकत नाही. ते काम तुम्ही पंचांवर सोपवलं होतं. त्यांनी ते कसं केलं हे मला पसंत पडो किंवा न पडो, त्यांच्या खुर्चीत मला बसता येत नाही."

नाना बसले. दुपारनंतर अर्ज फेटाळल्याचं सांगितलं गेलं. निवाडा कायम. आम्ही जिंकलो.

बाहेर वकीलबाईंनी मला बाजूला घेतलं. "वरच्या कोर्टात जायची मुदत अजून त्याला आहे. तिथे तर आणखी कमी वाव असतो, पण आपण त्याच्या हातात कोलीत द्यायचं नाही. तोवर मिलवाल्याशी एक शब्द बोलायचा नाही. नानांनी तर मुळीच नाही." मी मान हलवली. मिलवाला आमच्या समोरून स्कूटरला किक मारून गेला. त्याने आमच्याकडे पाहिलं नाही. ज्या आनंदासाठी मी इतका जीव आटवला होता, तो त्या वेळी काही केल्या येईना.

नाना गाडीत बसले आणि म्हणाले, "नरडाण्याला घे."

मी ओरडले. वकीलबाईंनी काय सांगितलं ते सांगितलं, रक्तदाबाची आठवण करून दिली, आईची शपथही घातली. नाना म्हणाले, "मी बोलणार नाही. फक्त चालवून बघणार. तू येत नसशील तर मी एसटीने जातो, पोतं डोक्यावर घेऊन." ते खरंच गेले असते. मी चडफडत गाडी हायवेला लावली.

मिलच्या अंगणात तूर वाळत घातली होती. मिलवाला दुसऱ्याच्या मिलमधून भाड्याने डाळ करून घ्यायचा, त्यासाठीची. आम्हाला बघून तो फाटकातच थांबला.

"आते काय ऱ्हायनं, नाना? जिंकनात ना तुम्हू."

"मशीन चालू कर," नाना म्हणाले. "मन्ही तूर आनेल शे."

मला वाटलं, आता हा हाकलून देईल, आणि मला तेच हवं होतं. पण नानांच्या खांद्यावरचं पोतं पाहून तो आत गेला आणि मशीनवरची ताडपत्री ओढली. त्यालाही बघायचं होतं. दोघांनाही पहिल्यापासून तेच बघायचं होतं आणि मधे आम्ही सगळे होतो.

पट्टा आधी किंचाळला, मग रोल फिरायला लागला. नानांनी आपली तूर वरून सोडली. मी वाकून खालच्या तोंडाशी बघत होते. सालं एकीकडे, दाणे दुसरीकडे. एकही फुटलेला नाही. नानांनी ओंजळ भरून पुढे केली. "हाई देख," ते म्हणाले. "देख, बाप्पा."

मला राहवलं नाही. "पाहिलंत ना? आता दोंडाईचापर्यंत हेही सांगत जा," मी म्हटलं.

मिलवाला अंगणात गेला, वाळत घातलेली तूर घमेल्यात भरून आणली आणि नानांसमोर धरली. "चावी पहा, नाना. वली शे का?"

नानांनी दाणा दाढेखाली धरला. कट्ट आवाज झाला. दुसरा घेतला, तिसरा घेतला. खणखणीत वाळलेली. त्यांनी घमेलं वर ओतलं.

खाली चुरा पडला. अख्खे दाणेही होते, पण त्यांच्यात तुकडे आणि पिठासारखी भुकटी मिसळलेली. दोन वर्षांपूर्वी पिशवीतून आमच्या घरी आली होती तशीच.

मशीन बंद झालं. नाना वाकले. एका तळहातावर आपली उरलेली तूर घेतली, दुसऱ्यावर त्याची, आणि उजेडात जाऊन उभे राहिले. मीही पाहिलं. आमची सगळी एका मापाची, बारीक. त्याच्या तुरीत बारीक होती, मध्यम होती आणि टपोरीही होती.

"कोठली शे ही?"

"डोंगरकडनी. ज्या घरनी जितली भेटनी तितली. बठ्ठी एकच ढीगमा."

जळगावच्या मिलवाल्यांकडे तूर आधी चाळून, मापामापाने वेगळी करून मशीनला जाते. नानांची सगळी मशीनं तिथे बसलेली. त्यामुळे घरच्या बारीक तुरीवर फट लावून दिली की मिलवाले मापाप्रमाणे ती बदलून पुढचं आपापलं बघून घ्यायचे. या माणसाकडे मोठी चाळणी नव्हती. डोंगरातल्या घराघरातली मूठमूठ तूर तो एकत्र करून टाकत होता आणि त्या फटीत टपोरा दाणा भरडला जात होता. तूर वाळलेली होती. हातही गेलेला नव्हता. मशीन फक्त आमच्या घरच्या तुरीसाठी लावलेलं होतं.

नानांच्या चेहऱ्यावर ते उमटायच्या आत माझ्या लक्षात आलं की सकाळी न्यायाधीश उठून आमच्या गाडीत बसले असते, तर आम्ही हरलो असतो. मी नानांची बाही धरली. "नाना, चला. उशीर होतोय."

"थांब."

"नाना, एक शब्द बोलू नका. त्यांना अजून वर जाता येतं. नाना, तुम्हाला माझी शपथ."

त्यांनी माझी बोटं एकेक करून बाहीवरून सोडवली. रागाने नाही, सावकाश. आणि मिलवाल्यासमोर उभे राहून म्हणाले, "चूक मन्ही शे. तुले कोनती तूर भरडनी शे, हाई मी इचारंच नही."

मी कपाळाला हात लावला. मला वाटलं, आता हा फोन काढेल, वकिलाला लावेल, निदान एकदा तरी माझ्याकडे बघून हसेल. पण तो पोत्यांच्या थप्पीवर मटकन बसला आणि तळव्यांनी तोंड पुसत राहिला. त्याच्या आईने त्या अखाजीला देवासमोर ठेवलेली डाळ त्याला आठवली का, कुणास ठाऊक. मला आठवली.

"आते काय उपेग, नाना?" तो म्हणाला. "पंच पाहना नही. कोर्ट पाहत नही."

"मी पाहस ना," नाना म्हणाले. सदऱ्याच्या बाह्या वर सारता सारता त्यांनी मला हाक मारली. "पाना आण."

"पाना जळगावला आहे, नाना. खिळ्यावर."

"डिक्कीत आहे. फडक्यात गुंडाळलाय."

सकाळी, मी उठायच्या आधी, त्यांनी तो खिळ्यावरून काढला होता. आज कुणीतरी मशीन चांगलं म्हणेल, आणि मग लगेच हातात लागेल, म्हणून. मी डिक्की उघडली. फडकं सोडलं तेव्हा पान्याला तेलाचा ताजा वास होता. पुसून, तेल लावून आणला होता.

आत येऊन मी तो त्यांच्या हातात दिला. मिलवाला उठून जाळीचे बोल्ट धरून उभा राहिला होता. तेवढ्यात माझा फोन वाजला. वकीलबाई.

"पोचलात का घरी? नाना त्या माणसाशी काही बोलले नाहीत ना?"

मी मशीनकडे पाहिलं. दोघांची डोकी जाळीवर वाकली होती. नाना बोटाने फट चाचपत होते आणि मिलवाला त्यांना वरून बॅटरी दाखवत होता.

"नाही," मी म्हटलं. "बोलत नाहीयेत. काम करतायत."